तेरा चोक बावन्न

तेरा चोक बावन्नपर्यंत मी आले होते, एवढं मला पक्कं आठवतं. त्यानंतर एकदम कुणीतरी गालावर बोटं मारत होतं, "बाय, दोळे उगडात, दोळे उगडात," आणि घसा असा झाला होता की रात्रभर त्यात कुणी सुंगटं वाळत घातली असावीत. मधे पावणेदोन तास गेले होते. गेले म्हणजे इतरांचे गेले. माझ्याकडे त्यांची काहीच नोंद नाही.

मी डिचोली तालुक्यातल्या एका सरकारी मराठी प्राथमिक शाळेत शिकवते. पित्ताशयात खडे आहेत हे दोन वर्षांपूर्वीच कळलं होतं. चवथीच्या नेवऱ्या चार जास्त झाल्या की रात्री उजव्या बरगडीखाली कळ यायची, पाठीतून खांद्यापर्यंत जायची आणि मी अंधारात अंगणात फेऱ्या मारायचे. लिंबू, सोडा, आगळ, सगळं करून झालं. यंदा मात्र एका रात्री कळ तीन तास थांबेना, तेव्हा सर्जन म्हणाले, आता पित्ताशयच काढू. दुर्बिणीतून, चार बारीक छेद, दोन दिवसांत घरी. मेच्या सुट्टीतला सोमवार ठरला.

छेदांचं मला काही वाटलं नाही. धाकट्याच्या वेळी सिझेरियन झालं होतं, पण तेव्हा पाठीत इंजेक्शन दिलं होतं. मी जागी होते, पडद्यापलीकडे तो रडला ते ऐकलं होतं. या वेळी पूर्ण भूल. आणि धास्ती घेतली ती त्या भुलीची.

शब्दच बघा. दारावरच्या पाटीवर 'बधिरीकरण' लिहिलेलं असतं, पुस्तकांत 'संज्ञाहरण' असतं, पण माणसं भूलच म्हणतात. भूल पडते, भूल घालतात, भुरळ पडते, भुलवतात. काजूच्या बागेतून तिन्हीसांजेला घरी यायला निघालेला माणूस पायाखालच्या वाटेवर चुकला आणि पहाटे भलत्याच वाडीत निघाला, की माझी आजी म्हणायची, "त्याला भूल पडली." म्हणजे चालत होता तो, पण वाटेवर तो नव्हता. ही गोष्ट आता मला कुणीतरी सुईतून देणार होतं आणि त्यासाठी माझी सही घेणार होतं.

पणजीजवळच्या ज्या रुग्णालयात ऑपरेशन व्हायचं होतं तिथे आधी भुलीच्या डॉक्टरांची तपासणी असते. रांग लांब होती, बाकं आखूड. माझ्या शेजारी साखळीकडचे एक गृहस्थ होते, हर्नियाचे. त्यांनी मला ओळखलं. "बाई, आमच्या धाकट्याला तुम्हीच शिकवलंत." धाकटा आता काय करतो ते सांगून झालं, मग आवाज उतरवून म्हणाले, "एक सांगू? ही भूल मला २०१२ सालीच द्यायला हवी होती."

गोव्याबाहेरच्यांसाठी सांगते. सप्टेंबर २०१२ मध्ये सरकारने लोहखनिजाच्या खाणी थांबवल्या, पुढच्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाचा आदेश आला. मधे थोडं सुरू झालं, तोवर २०१८ मध्ये न्यायालयाने ८८ खाणपट्ट्यांचं नूतनीकरण रद्द केलं आणि पुन्हा सगळं ठप्प. आमच्या भागात अंगणाअंगणात ट्रक गंजत उभे राहिले. या गृहस्थांचे दोन होते.

"झोपवायचं आणि खाणी सुरू झाल्या की उठवायचं. मधल्या वर्षांचं मी काय केलं सांगा? ट्रकाकडे बघत बसलो."

त्यांची बायको पलीकडून म्हणाली, "आणि बँकेची माणसं आली की मी काय सांगायचं? साहेब झोपलेत, खाणी सुरू झाल्या की या?"

सगळी रांग हसली. चाकाच्या खुर्चीत पेडण्याची एक म्हातारी होती, मांडीचं हाड मोडलेलं, तरी हसली. तिचा एक मुलगा बोटीवर, दुसरा पोर्तुगीज पासपोर्ट करून इंग्लंडला. म्हणाली, "मला बाबा जूनमध्ये झोपवा आणि चवथीला उठवा. पोरं येतात तेवढे दिवस जागी राहीन. पुरे." तिच्याबरोबर आलेल्या भाचीने लगेच विचारलं, "आणि पावसात कौलं सरकली तर बघणार कोण? मीच ना?"

थट्टाच होती, पण त्या रात्री पडल्यापडल्या मी ती पुढे ताणली. समजा असं यंत्र खरंच निघालं. दुखणं नाही, ऑपरेशन नाही, नुसतं बटण दाबायचं आणि माणूस बंद. आधी पैसेवाल्यांसाठी येईल, मग सरकारी योजनेत, अर्ज तीन प्रतींत, उत्पन्नाचा दाखला जोडून. पावसाळ्यात गिऱ्हाईक नाही म्हणून किनाऱ्यावरची अर्धी दुकानं मालकांसकट बंद. निकाल लागेपर्यंत दहावीची मुलं बंद. तोवर सगळं ठीक वाटतं, कारण जो झोपणार तोच अर्ज करतोय. पण म्हातारीने स्वतः म्हणणं वेगळं आणि तिच्या मुलाने परदेशातून फोन करणं वेगळं: "यंदा मला रजा नाही, तिला पुढच्या चवथीपर्यंत राहू दे तशीच." काम नाही म्हणून कारखान्याने कामगारांना पगार न देता झोपवणं. भांडणं नकोत म्हणून तुरुंगात. खाटा कमी आहेत म्हणून वॉर्डात. आणि खरं सांगू, शुक्रवारी शेवटच्या तासाला चौथीचा वर्ग बघून ते बटण माझ्या टेबलावर असतं तर मी हात मागे बांधून शिकवलं असतं असं छातीवर हात ठेवून मला सांगता येणार नाही.

शिवाय त्या भाचीचा प्रश्न राहतोच. गाव झोपलं तरी गावाला राखणदार लागतो. आमच्याकडे तो रात्री हातात काठी घेऊन शिवेवरून फिरतो, म्हणून त्याला वहाणा देतात, वर्षभरात झिजतात म्हणे. जो झोपतो त्याच्या वाटणीचं जागरण कुणाच्या तरी अंगावर पडतंच.

असो. तपासणीकडे येते.

भुलीच्या डॉक्टर बाई होत्या, पस्तिशीच्या, बारीक चणीच्या, सावंतवाडीकडच्या असाव्यात असं बोलण्यावरून वाटलं. त्यांनी जे प्रश्न विचारले ते पोटाशी एकाचाही संबंध नसलेले. दात हलतात का? कवळी आहे का? मान मागे किती जाते? दोन जिने चढलात तर दम लागतो का? पूर्वी भूल दिली तेव्हा काही त्रास? घरात कुणाला? तोंड उघडायला लावलं, जीभ पूर्ण बाहेर, पण "आ" म्हणायचं नाही. पडजीभ किती दिसते त्यावरून घशातून नळी घालणं सोपं जाईल की अवघड, ते ठरतं. मग विचारलं, "घोरता का?" मी "नाही" म्हणायच्या आत हे म्हणाले, "हो." डॉक्टरांनी यांचं उत्तर लिहून घेतलं.

मग मी माझी भीती बोलून दाखवली. मी आतून जागी राहिले आणि कुणाला कळलंच नाही तर?

त्यांनी थट्टेवारी नेलं नाही, हे मला आवडलं. म्हणाल्या, असं होतं, फार क्वचित. ब्रिटन आणि आयर्लंडमध्ये मोठी पाहणी झाली होती, २०१४ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यात भूल दिलेल्या सुमारे १९ हजारांत एकाने अशी तक्रार केलेली आढळली. भीती असते ती स्नायू सैल करणाऱ्या औषधामुळे. दक्षिण अमेरिकेतले आदिवासी बाणाला लावायचे त्या कुरारे विषापासून ही औषधं सुरू झाली, १९४२ मध्ये मॉन्ट्रियलला ती भुलीत पहिल्यांदा वापरली. त्या औषधाने माणूस हलू शकत नाही, श्वाससुद्धा यंत्र देतं, पण त्याने शुद्ध जात नाही. शुद्ध घालवायचं औषध वेगळं. "म्हणून मी बसलेली असते. सर्जन तुमच्या पोटाकडे बघतात, मी तुमच्याकडे. तुम्ही डोळे उघडेपर्यंत मी डोक्याशी."

"म्हणजे राखणदार," हे म्हणाले.

"नारळ-केळी ऑपरेशन झाल्यावर द्या," डॉक्टर म्हणाल्या.

संमतीपत्र मात्र इंग्रजीत होतं, दाट टाइपात. खिडकीमागच्या माणसाने बोट ठेवून जागा दाखवली, इथे, इथे आणि इथे. मी वाचायला लागले तर म्हणाला, "बाई, सगळेच करतात सही." रांगेत माझ्यामागे पेडण्याची म्हातारी होती, तिचा तर अंगठा. कागद मराठीत किंवा कोकणीत का नाही, हे मी विचारलं. त्याने वर बघितलं, जसं मी पाऊस का पडतो विचारलं असावं. शेवटी डॉक्टर बाईच आल्या आणि मला आणि म्हातारीला एकत्र उभं करून (म्हणजे मी उभी, ती बसलेली) त्या कागदात काय लिहिलंय ते सांगितलं. पाच मिनिटं लागली.

रात्री पेज आणि तोर खाल्ली, ती शेवटची. सकाळी चहा नाही. उपाशी ठेवतात त्याचं कारण मला आधी माहीत नव्हतं. शुद्ध गेली की घशाची राखणही जाते, पोटातलं वर येऊन फुप्फुसात उतरू शकतं. घन अन्न सहा तास आधी बंद, नुसतं पाणी दोन तास आधीपर्यंत चालतं.

नंतर दागिने. बोटाची मेंदी आणि नखाचा रंगसुद्धा नको असतो, कारण बोटाला चिमट्यासारखं जे यंत्र लावतात ते नखातून प्रकाश पाठवून रक्तातला प्राणवायू मोजतं. माझ्या नखांना रंग कधीच नसतो, पण मंगळसूत्र पंचवीस वर्षांत उतरवलं नव्हतं. नर्सने यांच्याकडे द्यायला सांगितलं. यांनी ते रुमालात गुंडाळून शर्टाच्या खिशात ठेवलं, बटण लावलं आणि वरून हात फिरवला. कुड्या, बांगड्या, नाकातली चमकी, सगळं त्याच रुमालात. मी एकदम शाळेतल्या वही-पुस्तकाशिवाय आलेल्या मुलासारखी झाले.

ढकलगाडीवरून आत नेताना मी मनात म्हटलं, "कातर रे भाजी!" गोव्याच्या माणसाला हे समजावून सांगायला नको. कांदोळीत १७५६ मध्ये जन्मलेला पाद्री आबे फारिया पोर्तुगालच्या राणीसमोर प्रवचनाला उभा राहिला आणि शब्दच फुटेना, तेव्हा बापाने खालून कोकणीत सांगितलं, "ही सगळी भाजी, कातर रे भाजी!" अशी गोष्ट सांगतात. खरी असो नसो, परीक्षेला जाणाऱ्या पोराला आमच्याकडे अजून तेच सांगतात.

आत थंडी. दिवा बंद होता तरी त्याची ती मोठी ताटली डोक्यावर होती. छातीला चिकटपट्ट्या, दंडाला पट्टा, बोटाला चिमटा. त्या चिमट्याची टिकटिक सुरू झाली. डॉक्टरांनी सांगितलं होतं की प्राणवायू उतरला की तिचा सूरही खाली उतरतो, म्हणजे पडद्याकडे न बघताही कानाला कळतं. आमच्या भजनी मंडळाच्या पेटीवाल्याला इतकं जरी कळलं असतं! तीन जणांनी तीनदा माझं नाव विचारलं, कुठलं ऑपरेशन ते विचारलं. जागतिक आरोग्य संघटनेने २००८ मध्ये अशी तपासयादी काढली, तेव्हापासून ही हजेरी घेतात. मला बरं वाटलं. हजेरीवर माझा विश्वास आहे.

हातातल्या नळीतून पहिलं इंजेक्शन गेलं. "याने जरा हलकं वाटेल." वाटलं. होडी किनाऱ्याला बांधलेलीच असावी पण दोरी लांब सोडावी, तसं. तोंडावर मास्क आला, नव्या रेनकोटसारखा वास. मग डॉक्टरांच्या हातात पांढरी सिरिंज दिसली, अगदी दुधासारखी. प्रोपोफॉल. हे औषध पाण्यात विरघळत नाही, म्हणून सोयाबीनचं तेल आणि अंड्यातलं लेसिथिन यांत घोटून देतात. मी सोमवारी अंडं खात नाही. हे मला नंतर कळलं ते बरं झालं.

"शिरेत थोडं चुरचुरेल. बाई, पाढा म्हणा. तेराचा."

तेरा एके तेरा. तेरा दुणे सव्वीस. तेरा त्रिक एकोणचाळीस. तेरा चोक बावन्न.

इथे काहीतरी लिहायला हवं, पण लिहिण्यासारखं काही नाही. लोक विचारतात, अंधार होता का, बोगदा होता का, स्वप्न पडलं का. झोपेतून उठल्यावर निदान वेळ गेल्यासारखं वाटतं, कूस वळल्याचं, उशी ओली झाल्याचं अंगाला माहीत असतं. इथे वहीचं पान फाडलेलंसुद्धा नव्हतं, आधीच्या पानाला पुढचं पान थेट शिवलेलं. ही झोप नव्हेच, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. झोपलेल्या माणसाला चिमटा काढला तर उठतो. प्रोपोफॉल मेंदूतल्या शांत करणाऱ्या रसायनाचा, गाबाचा, जोर वाढवतं आणि मेंदूचे भाग एकमेकांशी बोलायचे थांबतात. प्रत्येक जण आपापल्या खोलीत, मधली दारं बंद.

शुद्धीवर आले तेव्हा दात वाजत होते. भुलीनंतर अशी हुडहुडी भरते. घसा नळीने खरवडलेला. पण सगळ्यांत जास्त दुखत होता तो उजवा खांदा, ज्याला कुणी हातही लावला नव्हता. पोट फुगवायला आत कार्बन डायऑक्साइड भरतात, तो थोडा उरतो, छाती आणि पोट यांच्यामधल्या पडद्याला टोचतो आणि कळ निघते ती खांद्यात. मी नर्सला म्हटलं, "खांद्याचं ऑपरेशन केलंत काय?" ती म्हणाली, सगळे हेच विचारतात.

आणि हे. हे स्टुलावर बसले होते आणि खिशावर हात होता.

त्या पावणेदोन तासांबद्दल मला जे काही माहीत आहे ते यांच्याकडून, आणि तेही एका बैठकीत नाही. चार दिवस तुकड्यातुकड्यांनी निघालं. पहिल्या दिवशी म्हणाले, "काय होणार, बसलो होतो." दुसऱ्या दिवशी कळलं की बसले नव्हतेच. कॅन्टीनमध्ये जाऊन पाव-भाजी मागवली, पहिला घास तोंडात घातला आणि आठवलं की मी कालपासून उपाशी आहे, म्हणून पैसे देऊन उठले. मग वाटलं, आपण नसताना बाहेर येऊन कुणी नाव पुकारलं असेल तर? धावत परत. नाव पुकारलं होतं, पण दुसऱ्या कुणाचं, आडनाव आमचंच. त्या अर्ध्या मिनिटाबद्दल यांनी मला तिसऱ्या दिवशी सांगितलं. दाराशी जाऊन उभे राहिले, आतून माणूस आला, म्हणाला "पेशंटचे कोण?" आणि हातात औषधांची चिठ्ठी दिली, तिच्यावर वय होतं ७२. "तुझं वय किती ते मला आठवेना," हे म्हणाले. "बहात्तर नाही एवढं कळत होतं, पण किती ते येईना."

खिसा किती वेळा चाचपला ते मोजलं नाही म्हणाले. शर्टाचं बटण त्यातच सैल झालं. ते मी घरी आल्यावर लावलं.

दहा वाजून गेल्यावर एका नर्सने बाहेर येऊन यांच्या हातात बाटली दिली. इंजेक्शनची असते तशी, काचेची, तिच्यात नऊ खडे. आठ तुरीच्या डाळीएवढे, पिवळट, आणि एक चिंचोक्याएवढा, काळसर, एका बाजूने घासून सपाट झालेला. यांनी ती उन्हाकडे धरून बघितली आणि मग बाकावर बसले, कारण पाय राहिले नाहीत. बाटली आता आमच्या फडताळात आहे. मुलांना दाखवायला शाळेत नेणार होते, पण हे नको म्हणतात.

घरी पंधरा दिवस विश्रांती. जड उचलायचं नाही, म्हणजे घरातलं काहीच करायचं नाही. मुलीने पणजीच्या सेंट्रल लायब्ररीतून पुस्तकं आणून दिली, त्यांत आमच्या गोव्याचाच भुलीचा इतिहास सापडला आणि तो काही फार सात्त्विक नाही. गार्सिया द ओर्ता हा पोर्तुगीज वैद्य इथे राहायचा. औषधी वनस्पतींवरचं त्याचं पुस्तक १५६३ मध्ये गोव्यातच छापलं गेलं. त्यात धोत्र्याचा किस्सा आहे. एका घरातल्या दासीने मालकिणीला धोत्रा चारला, किल्ल्या घेतल्या, गळ्यातले दागिने घेतले आणि पळाली. ओर्ता लिहितो की धोत्रा खाल्लेला माणूस हसत राहतो, काय घ्याल ते घेऊ देतो. पुढे लिन्सखोटेन हा डच माणूस १५८३ ते १५८८ गोव्यात होता. त्याने लिहून ठेवलंय की इथल्या बायका नवऱ्यांना धोत्रा देतात, मग नवऱ्याच्या देखत काहीही करा, शुद्धीवर आल्यावर त्याला आठवत नाही. त्याला हे कुणी सांगितलं आणि त्यात तिखटमीठ किती, देव जाणे. बायकांबद्दल परदेशी पाहुण्यांनी लिहिलेलं मी जरा जपूनच वाचते.

पण तोच धोत्रा! आमच्या शाळेच्या कुंपणाला लागून आहे, मुलं काटेरी बोंडं एकमेकांवर फेकतात म्हणून मी ओरडते. जपानमध्ये हानाओका सेइशू या शल्यवैद्याने धोत्रा आणि बचनागाच्या जातीची मुळं मिसळून काढा केला आणि १८०४ मध्ये त्याच्या भुलीत एका बाईच्या स्तनातली कर्करोगाची गाठ काढली. बोस्टनला मॉर्टन या दंतवैद्याने इथर हुंगवून दाखवलं ते १६ ऑक्टोबर १८४६ रोजी, म्हणजे त्यानंतर बेचाळीस वर्षांनी. आणि पणजीला वैद्यकीय शाळा निघाली ती १८४२ मध्ये, इथरच्या चार वर्षं आधी. तिथल्या पहिल्या विद्यार्थ्यांना शस्त्रक्रिया म्हणजे चार जणांनी दाबून धरलेला, ओरडणारा माणूस हेच माहीत असणार. सर्जनचं मोठेपण हात किती झपाट्याने चालतो त्यावर. माझं पित्ताशय काढायला सर्जननी सावकाश वेळ घेतला, मधे म्हणे कुणाशी तरी क्रिकेटवर बोलले. ती सावकाशी भुलीने दिलेली आहे.

आणि फारिया. पणजीत जुन्या सचिवालयाशेजारी त्याचा पुतळा आहे, रामचंद्र पांडुरंग कामत यांनी केलेला, १९४५ चा. झगा घातलेला माणूस दोन्ही हात पसरून वाकलेला आणि खाली बाई मागे कोसळतेय. दरवर्षी सहलीला मुलं विचारतात, "बाई, तो तिला मारतोय काय?" मी सांगते, झोपवतोय. मुलांना ते पटत नाही. खरं तर फारियाचं म्हणणं पुतळ्यात दिसतं त्याच्या उलट होतं. १८१३ मध्ये पॅरिसला संमोहनाचे प्रयोग करून दाखवताना तो सांगायचा की माझ्या हातातून काही निघत नाही, कुठली शक्ती नाही, जे होतं ते झोपणाऱ्याच्या स्वतःच्या मनात होतं. म्हणजे त्या बाईच्या मनात नसेल तर फारियाने कितीही हात पसरले तरी ती झोपायची नाही. प्रोपोफॉलला माझ्या मनाशी कर्तव्य नाही. ते अर्ध्या-पाऊण मिनिटात काम करतं, मी हो म्हणो वा नाही म्हणो. म्हणून तो दाट टाइपातला कागद लागतो. आणि म्हणून तो मला आणि त्या म्हातारीला कळेल अशा भाषेत हवा होता, हे मी त्या खिडकीवर नीट सांगू शकले नाही. तेव्हा पोट रिकामं होतं आणि मागे रांग होती.

दागिने मात्र मीही काय मागाल ते उतरवून दिले होते. धोत्र्याशिवाय.

दहाव्या दिवशी टाके दाखवायला गेलो. सर्जननी बघितलं, ठीक म्हणाले, तळलेलं बेताने. बाहेर पडताना जिन्याशी भुलीच्या डॉक्टर भेटल्या. मला वाटलं ओळखणार नाहीत, रोज किती जणांना झोपवत असतील. त्यांनीच हाक मारली, "बाई, पाढा चुकलात हं."

मी म्हटलं, चुकले कुठे, तेरा चोक बावन्नच की. तिथेच मी संपले.

"छे. त्यानंतर पाचे पासष्ट, सक अठ्ठ्याहत्तर, अगदी खणखणीत. सातेला शहाण्णव म्हणालात."

मला एकही आठवत नाही. पहिल्या इंजेक्शनचा तो गुण म्हणे, माणूस बोलत असतो पण आत काही टिपलं जात नाही. तेरा साते एक्याण्णव चुकलेल्या मुलांना मी किती वर्षं उभं करत आलेय. हे बाजूला उभे राहून हसत होते.

"मग?" मी विचारलं.

"मग तुम्ही हसलात. आणि मला म्हणालात, 'बस खाली.'"

"अगं बाई. बसलात?"

"नळी घालून झाल्यावर बसले," त्या म्हणाल्या. "पावणेदोन तास."